जुन्या बँजो-चाली टिपायच्या, जपायच्या आणि पुढे द्यायच्या: क्रम चुकवू नका

अमेरिकेच्या पूर्वेकडच्या अ‍ॅपलाचियन डोंगरपट्ट्यातल्या ओल्ड-टाइम (जुन्या लोकसंगीताच्या) बँजोची रेकॉर्डिंग्ज आता भरपूर फिरतात, पण त्यांतली बरीच शिकणाऱ्याच्या कामी येत नाहीत. आवाज असतो, पण तारा कशा लावल्या होत्या ते कळत नाही. चाल असते, पण वादकाला ती कोणाकडून मिळाली याचा पत्ता नसतो. कुठे नाव चुकलेलं असतं, कुठे घरच्यांना न विचारताच फाइल टाकलेली असते.

याचं कारण बहुतेक वेळा एकच असतं: कामाचा क्रम उलटा होतो. आधी रेकॉर्डिंग, लगेच अपलोड आणि माहिती 'नंतर बघू'. तोवर वादक थकलेला असतो, कधी गेलेलाही असतो. म्हणून खालचे टप्पे ज्या क्रमाने दिलेत त्याच क्रमाने घ्या. नॉर्थ कॅरोलायना किंवा व्हर्जिनियात राहून तिथल्या बैठकांना जाणाऱ्यांना ते लागू आहेत, तसेच पुण्यात किंवा पणजीत बसून जुन्या रेकॉर्डिंगवरून शिकणाऱ्यांनाही.

हा लेख लांब मानेच्या, पाच तारांच्या बँजोबद्दल आहे. आपल्याकडे मिरवणुकीत वाजतो तो बटणांचा बेंजो वेगळं वाद्य आहे. मराठीत फाइलला शीर्षक देताना 'पाच तारांचा बँजो' असंच लिहा, नाहीतर शोधणाऱ्याला भलतंच काही सापडेल.

## टप्पा १: हातात नक्की काय आहे ते ओळखा

तीन शक्यता असतात. पहिली, समोर एखादा जुना वादक आहे आणि तो वाजवायला तयार आहे. दुसरी, कोणाच्या तरी कपाटातली कॅसेट किंवा रीळ तुमच्याकडे आलं आहे. तिसरी, एखाद्या संग्रहात आधीच असलेलं रेकॉर्डिंग ऐकून तुम्ही चाल शिकलात आणि आता ती इतरांना द्यायची आहे.

पहिल्या दोन्हींत घाई आहे, कारण माणूस आणि टेप दोघंही थांबत नाहीत. तिसऱ्यात घाई नाही. तिथे टप्पा ४ आणि ५ सोडून बाकीचे घ्या. दोन्ही कामं समोर असतील तर आधी माणसाकडे जा. टेप कोरड्या, थंड जागी ठेवली तर आणखी काही महिने टिकेल.

## टप्पा २: हे आधीच कुठे जपलंय का?

यात एक संध्याकाळ घाला. अमेरिकन काँग्रेसच्या ग्रंथालयातलं अमेरिकन फोकलाइफ सेंटर, केंटकीतल्या बेरिया कॉलेजचा ध्वनिसंग्रह, चॅपल हिल इथल्या नॉर्थ कॅरोलायना विद्यापीठाचा सदर्न फोकलाइफ संग्रह, डिजिटल लायब्ररी ऑफ अ‍ॅपलाचिया आणि स्लिपरी हिल ही संकेतस्थळं चाळा. वादकाच्या नावाने शोधा, काउंटीच्या (जिल्ह्याच्या) नावाने शोधा आणि सगळ्यात शेवटी चालीच्या नावाने.

नावाने शेवटी का? कारण ओल्ड-टाइममध्ये नाव हा सगळ्यात कच्चा पुरावा. एकाच नावाच्या चार वेगळ्या चाली सापडतात आणि एकच चाल दोन खोऱ्यांत दोन नावांनी वाजते. 'कंबरलँड गॅप' या नावाखाली एकमेकींशी फारसं नातं नसलेल्या चाली ऐकायला मिळतात. नाव जुळलं म्हणून 'हे आधीच आहे' असं समजून काम सोडू नका. ऐकून पाहा.

## टप्पा ३: परवानगी, यंत्र बाहेर काढण्याआधी

वादकाला किंवा कुटुंबाला तीन प्रश्न वेगवेगळे विचारा. रेकॉर्ड केलं तर चालेल का? ते संग्रहालयाला दिलं तर चालेल का? इंटरनेटवर सगळ्यांसाठी ठेवलं तर चालेल का? पहिल्याला 'हो' मिळालं म्हणजे तिसऱ्यालाही मिळालं असं धरून चालणं ही सर्रास होणारी चूक आहे. पुष्कळ वादक घरात बसून आनंदाने वाजवतात, पण एखादं भक्तिगीत किंवा वडिलांची एखादी चाल जगापुढे जाऊ नये असं त्यांना वाटतं. ते पाळा.

उत्तरं एका कागदावर लिहा, तारीख घाला, सही घ्या. सहीचा संकोच वाटत असेल तर रेकॉर्डिंगच्या सुरुवातीलाच त्यांच्या तोंडून परवानगी बोलून घ्या.

जुन्या टेपच्या बाबतीत हक्कांचे तीन थर वेगळे धरा: चाल, ते विशिष्ट रेकॉर्डिंग आणि कुटुंबाची इच्छा. चाल पारंपरिक असली म्हणून टेप मोकळी होत नाही. अमेरिकेच्या २०१८ च्या म्युझिक मॉडर्नायझेशन कायद्यानुसार १९२३ पूर्वी प्रकाशित झालेली रेकॉर्डिंग्ज १ जानेवारी २०२२ पासून मोकळी झाली. १९२३ ते १९४६ मधल्या प्रकाशित रेकॉर्डिंगना साधारण १०० वर्षांचं संरक्षण आहे, १९४७ ते १९५६ मधल्यांना ११० वर्षांचं. त्यानंतरची, १५ फेब्रुवारी १९७२ पूर्वीची रेकॉर्डिंग्ज १५ फेब्रुवारी २०६७ पर्यंत संरक्षित आहेत आणि कधीच प्रकाशित न झालेल्या जुन्या घरगुती टेपाही याच गटात येतात. म्हणजे १९६८ साली कोणाच्या पडवीत केलेली टेप 'जुनी आहे, चालतंय' म्हणून टाकता येत नाही. परवानगी शोधावीच लागते.

इशारा: बैठकीत वाजणारी प्रत्येक चाल पारंपरिक नसते. गेल्या काही दशकांत रचलेल्या कितीतरी चाली जुन्यांत इतक्या मिसळल्या आहेत की वाजवणाऱ्यालाही रचनाकार माहीत नसतो. 'पारंपरिक' असं लिहिण्याआधी शोध घ्या. रचनाकार सापडला तर त्याचं नाव द्या.

## टप्पा ४: समोर बसलेल्या वादकाचं रेकॉर्डिंग

### यंत्र आणि खोली

फोन चालतो, पण त्यातलं साधं व्हॉइस-रेकॉर्डर अ‍ॅप बोलण्यासाठी बनवलेलं असतं. ते आवाज आपोआप कमी-जास्त करतं आणि पाचव्या, आखूड तारेचा सतत वाजणारा सूर 'गोंगाट' समजून दाबू शकतं. आपोआप पातळी बदलणं आणि गोंगाट कमी करणं या दोन्ही सोयी बंद करता येतील असं अ‍ॅप घ्या. त्याहून चांगला हातात मावणारा रेकॉर्डर. फाइल वेव्ह स्वरूपात, २४ बिट, निदान ४८ किलोहर्ट्झ. एमपी-थ्री मूळ प्रतीसाठी कधीच नको.

माइक घोडीच्या समोर धरू नका, नुसता टणत्कार येईल. मान जिथे गोल पेटीला मिळते त्या जागेकडे रोखून, साधारण हातभर अंतरावर ठेवा. सगळ्यात जोराचा आवाज उणे १२ डेसिबलच्या आसपास राहील अशी पातळी लावा. बँजोचा पहिला आघात फार तीक्ष्ण असतो; पातळी शून्याला टेकली की ती फाटलेली फाइल नंतर शिवता येत नाही.

फ्रिज, पंखा, एसी बंद करायला सांगा. नंतर ते पुन्हा सुरू करायला विसरू नका.

### प्रत्येक चालीसाठी हाच क्रम

१. घोषणा. तारीख, गाव, काउंटी, वादकाचं नाव, चालीचं नाव. तुमच्या आवाजात, रेकॉर्डिंगमध्येच. कागद हरवतो, घोषणा फाइलबरोबर राहते.

२. मोकळ्या तारा. पाचवीपासून पहिलीपर्यंत एकेक तार, प्रत्येकीला दोन-तीन सेकंद. या संपूर्ण लेखातली एकच गोष्ट करणार असाल तर ही करा. अर्ध्या मिनिटाचं काम आहे आणि पुढे शिकणाऱ्याचे आठवडे वाचतात.

३. पूर्ण चाल, नेहमीच्या लयीत. निदान चार आवर्तनं. पहिल्या आवर्तनात वादक चाचपडतो, दुसऱ्यात बसतो आणि तिसऱ्या-चौथ्यात त्याच्या खास जागा दिसू लागतात.

४. मग सावकाश. हे नेहमी नंतर. सावकाश वाजवायला सांगितलं की बऱ्याच जुन्या वादकांच्या हाताची घडण बदलते, काही जागा गळतात. सावकाश वाजवलेलं हे शिकण्यासाठी पूरक आहे, खरी चाल तिसऱ्या पायरीतली.

५. गप्पा. ही कोणाकडून शिकलात? तेव्हा वय काय होतं? नाचासाठी वाजवायचा की घरी? याला दुसरं नाव आहे का? शब्द आहेत का?

गप्पा सुरू असताना रेकॉर्डर बंद करू नका. चाल वाजवून झाल्यावर सहज निघालेल्या वाक्यातच मामाचं नाव येतं, शेजारच्या खोऱ्यातल्या कृष्णवर्णीय वादकाचा उल्लेख येतो. अशी नावं नोंदीतून गळत आली आहेत. नॉर्थ कॅरोलायनातल्या मेबेनजवळचे फिडलवादक जो थॉम्पसन (१९१८–२०१२) आणि त्यांचे चुलतभाऊ, बँजोवादक ओडेल थॉम्पसन यांच्याकडे कृष्णवर्णीय स्ट्रिंग-बँडची परंपरा घरातून आलेली होती. तरुण वादक जो यांच्या घरी जाऊन बसले आणि त्यांच्या हातून शिकले, म्हणून ती आज मंचावर ऐकू येते. ज्याच्याकडून आलं त्याचं नाव लिहिणं हा हिशेबाचा भाग आहे. ते कधीच गाळू नका.

### ट्यूनरचा हट्ट नको

वादक घरी एकटा वाजवत असेल तर त्याचा षड्ज त्याच्या वाद्याला आणि गळ्याला सोयीचा असतो, कधी जीपेक्षा पाव सूर खाली, कधी थोडा वर. त्याला ट्यूनर लावून 'बरोबर' करायला सांगू नका. पडदे नसलेला बँजो असेल तर गांधार आणि निषाद पियानोच्या पट्ट्यांमधल्या फटीत बसतात. आपल्या कानाला श्रुती सवयीच्या आहेत, त्यामुळे मराठी ऐकणाऱ्याला हे पटकन कळतं. ते तसंच टिपा.

### व्हिडिओ

दोन्ही हात चौकटीत येतील असा, समोरून, तिपाईवर ठेवून. उजव्या हाताचं जवळून एक वेगळं चित्रण घ्या, कारण क्लॉहॅमर (नखाने तारेवर खालच्या दिशेने आघात करण्याची शैली), दोन बोटांची आणि तीन बोटांची जुनी शैली यांतला फरक नुसत्या आवाजावरून ओळखणं कठीण जातं.

इशारा: सेल्फी कॅमेरा वापरू नका. अनेक फोन त्याचं चित्र आरशासारखं उलटं साठवतात आणि उजव्या हाताचा वादक डावखुरा दिसतो. शिकणारा त्यावरून पाचवी तार कुठल्या बाजूला आहे हेच चुकतो.

तपासणी, निघण्यापूर्वी: शेवटची फाइल हेडफोन लावून अर्धा मिनिट ऐका. मोकळ्या तारा प्रत्येक ट्यूनिंगसाठी घेतल्यात का? घोषणा सगळीकडे आहे का? एखादी राहिली असेल तर आत्ताच मागा.

## टप्पा ५: जुनी कॅसेट किंवा रीळ

आधी वास घ्या आणि नीट बघा. व्हिनेगरसारखा आंबट वास म्हणजे अ‍ॅसिटेटची फीत सडू लागली आहे. पांढरट, कापसासारखे डाग म्हणजे बुरशी. मुंबई-कोकणातल्या पावसाळ्यात राहिलेल्या टेपांवर ती हमखास दिसते. अशी टेप यंत्रात घालू नका. यंत्राचं हेड खराब होईल आणि बुरशी पुढच्या टेपेवरही जाईल. सत्तर-ऐंशीच्या दशकातली काही रिळं चिकट होतात, वाजवताना किंचाळल्यासारखा आवाज येतो आणि तपकिरी भुकटी सुटते. तिथेही थांबा. अशा टेपा ठरावीक तापमानाला काही तास भाजून तात्पुरत्या वाजवण्याजोग्या करतात, पण ते जाणकाराचं काम. घरच्या ओव्हनमध्ये मुळीच करू नका.

टेप धडधाकट असेल तर पुढे जा.

१. कॅसेटच्या वरच्या कडेचे दोन्ही छोटे प्लास्टिक तुकडे मोडून टाका, म्हणजे चुकून पुसली जाणार नाही. हे सगळ्यात आधी.

२. यंत्राचं हेड आणि रबरी चाक साफ करा. हेडसाठी ९० टक्क्यांच्या वरचं आयसोप्रोपिल अल्कोहोल. सॅनिटायझर चालणार नाही, त्यात इतर पदार्थ असतात.

३. टेप एकदा टोकापर्यंत पुढे आणि परत मागे गुंडाळा, म्हणजे ताण सारखा होतो.

४. हेडचा कोन जुळवा. वाजवता वाजवता कोनाचा बारीक स्क्रू हळूहळू फिरवा आणि पाचवी तार सगळ्यात लख्ख वाजेल तिथे थांबा. दोन्ही चॅनेल एकत्र करून ऐकलं तर फरक स्पष्ट कळतो. ही पायरी लोक सोडतात आणि मग सॉफ्टवेअरमध्ये वरचे सूर वाढवत बसतात. टेपेवरून न उचललेला आवाज सॉफ्टवेअर आणून देत नाही.

५. डॉल्बी (टेपेची खरखर कमी करणारी सोय) वापरून रेकॉर्ड केल्याचं लेबलवर नसेल तर डॉल्बी बंद ठेवा.

६. पूर्ण बाजू एका दमात घ्या: २४ बिट, ९६ किलोहर्ट्झ. ध्वनिसंग्रहालयांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेच्या मार्गदर्शक तत्त्वांत निदान ४८ किलोहर्ट्झ आणि २४ बिट सांगितलेले आहेत. टेपेसाठी ९६ घेण्याची पद्धत आहे. स्टीरिओत तासाला सुमारे २ जीबी लागतात. आज ती जागा जास्त नाही.

७. मध्ये बोलणं, खोकणं, कुत्र्याचं भुंकणं आलं तरी कापू नका. मूळ प्रतीत गोंगाट कमी करणं, सूर वाढवणं यातलं काहीही करायचं नाही. ऐकण्यासाठी वेगळी प्रत करा आणि तिच्यावर हवं ते करा.

### वेग बरोबर आहे का?

जुन्या टेपा वेगळ्या वेगाने वाजणं नेहमीचं आहे आणि त्यामुळे ट्यूनिंग ओळखताना मोठी फसगत होते. एक उपाय चांगला आहे. अमेरिकेत भिंतीच्या वीजपुरवठ्यावर केलेल्या रेकॉर्डिंगमध्ये बहुधा ६० हर्ट्झची बारीक घरघर टेपेवरच उमटलेली असते. तुमच्या फाइलचा वर्णपट ऑडॅसिटीत उघडून ती रेघ शोधा. ५८ वर दिसली तर टेप तीन टक्क्यांहून थोडी अधिक सावकाश चालली, म्हणजे सूर अर्ध्या सेमीटोनहून थोडा अधिक उतरला. भारतात बसून डिजिटल प्रत करत असाल तर तुमच्या घरच्या विजेची ५० हर्ट्झची रेघही त्यात येऊ शकते. ती गोंधळात धरू नका. मूळ रेकॉर्डर बॅटरीवर असेल तर ही खूण मिळणार नाही.

इशारा: अमेरिकेतून जुनं रीळ-यंत्र भारतात आणणाऱ्यांसाठी. व्होल्टेज बदलणारा ट्रान्सफॉर्मर विजेची वारंवारिता बदलत नाही. एसी सिंक्रोनस मोटर असलेलं ६० हर्ट्झचं यंत्र इथे ५० वर सहा भागांतल्या पाच भागांच्या वेगाने चालेल. त्यावर केलेली प्रत पूर्ण चुकीच्या सुरात येते. अशी टेप तिकडेच डिजिटल करून घ्या.

## टप्पा ६: नोंदपत्र, त्याच दिवशी

प्रत्येक चालीला एक नोंद. साधी टेक्स्ट फाइल किंवा स्प्रेडशीट पुरे. एवढं हवंच:

- चालीचं वादकाने सांगितलेलं नाव, मग इतर नावं
- वादक, गाव, काउंटी, राज्य
- कोणाकडून शिकला, तो कुठला
- तारखा: वाजवल्याची आणि डिजिटल केल्याची
- ट्यूनिंग पाचवीपासून पहिलीपर्यंत, कॅपो (तारा दाबून सूर चढवणारी पट्टी) कितव्या पडद्यावर
- उजव्या हाताची शैली
- वाद्य: पडदे आहेत की नाहीत, तारा पोलादी की नायलॉन, कातडं की प्लास्टिक
- परवानगी: तिन्ही प्रश्नांची उत्तरं

ट्यूनिंग लिहिण्याची रूढ पद्धत पाचव्या, आखूड तारेपासून सुरू होते. जी-डी-जी-बी-डी म्हणजे पाचवी जी, चौथी डी, असं. उलट क्रमाने लिहिणाऱ्यांनी घोळ घातलेत, तेव्हा नोंदपत्राच्या डोक्यावर 'पाचवीपासून' असं स्पष्ट लिहा. कॅपोच्या बाबतीत पाचवी तार वेगळी चढवली का तेही लिहा, कारण कॅपो बाकीच्या चार तारांवरच बसतो. 'जी' सुरावरून 'ए' सुरावर जाताना पाचवी तार सातव्या पडद्यावरच्या छोट्या खिळ्याखाली अडकवतात.

कसं लिहावं याचा नमुना हवा असेल तर व्हर्जिनियातल्या ग्लेन लिनचे हेन्री रीड (१८८४–१९६८) यांचा काँग्रेसच्या ग्रंथालयातला संग्रह बघा. रीड फिडल वाजवत, बँजो आणि माउथ-ऑर्गनही. अ‍ॅलन जब्बूर यांनी १९६६-६७ मध्ये त्यांना रेकॉर्ड केलं आणि प्रत्येक चालीवर स्वतंत्र टिपण लिहिलं. रीड यांच्या चाली आज ठिकठिकाणच्या बैठकांत वाजतात त्यात त्या टिपणांचा वाटा मोठा आहे, असं माझं ठाम मत आहे.

काही जुन्या चालींची नावं आणि शब्द उघड वंशद्वेषी आहेत. नोंदपत्रात ते खोडू नका. जे होतं ते लिहा. सार्वजनिक पानावर मात्र तसं नाव डोक्यावर छापू नका. पर्यायी नाव वापरा आणि आत एका ओळीत कारण सांगा.

तपासणी: नोंदपत्र एखाद्या अनोळखी माणसाच्या हातात द्या. फाइल न ऐकता त्याला बँजो लावता आला पाहिजे.

## टप्पा ७: साठवण

तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या माध्यमांवर, एक दुसऱ्या गावात. फाइलच्या नावात तारीख आधी, वर्ष-महिना-दिवस या क्रमाने, मग वादक, मग चाल. प्रत्येक फाइलचा चेकसम (फाइल बदलली-बिघडली का ते दाखवणारा आकडा) काढून ठेवा आणि वर्षातून एकदा जुळवा.

व्हॉट्सअ‍ॅपवरून आलेला ऑडिओ मूळ प्रत म्हणून कधीच जपू नका. पाठवणाऱ्याला तीच फाइल 'डॉक्युमेंट' म्हणून पाठवायला सांगा, किंवा क्लाउडची लिंक मागा.

## टप्पा ८: चाल उतरवून घेणं

इथे सगळ्यात जास्त चुका होतात, कारण लोक पहिल्या मिनिटालाच टॅब (कोणती तार कितव्या पडद्यावर वाजवायची हे दाखवणारी लिपी) लिहायला बसतात. टॅब शेवटी.

आधी षड्ज शोधा. चाल ज्या सुरावर विसावते तो. सा धरून गुणगुणा.

मग पाचवी तार. अंगठ्याने सतत वाजणारा तो वरचा सूर सा आहे की प? सा असेल तर जी-डी-जी-बी-डी किंवा सॉमिल म्हणतात ते जी-डी-जी-सी-डी असण्याचा संभव मोठा. प असेल तर डबल-सी, म्हणजे जी-सी-जी-सी-डी, किंवा तिच्या जवळची दुसरी जुळणी. ग ऐकू येत असेल तर एफ शार्प-डी-एफ शार्प-ए-डी तपासा. मात्र या जुळणीत काही वादक पाचवी तार पंचमावरही लावतात.

मग मोकळ्या तारांवरचा झपकारा. सरगममध्ये मांडलं की फरक चटकन दिसतो. जी-डी-जी-बी-डी मध्ये चौथीपासून पहिलीपर्यंत प, सा, ग, प. सॉमिलमध्ये प, सा, म, प. मोकळ्या तारांत गांधारच नाही, म्हणून ती चाल कोमल आणि शुद्ध यांच्या मधे लटकल्यासारखी वाटते. डबल-सीमध्ये सा, प, सा, रे. हे कानाने ओळखायला शिकलात की कॅपो कुठेही असो, अडत नाही.

चालीचा सांगाडा लिहायला सरगम उत्तम आहे आणि मराठी वाचकाला ती आयतीच येते. मात्र मात्रा मोजताना आपला ताल लादू नका. या चालींत बहुधा दोन भाग असतात, एक खालच्या सुरांतला आणि एक वरच्या, आणि प्रत्येक भाग दोनदा वाजतो. पण पुष्कळ चाली वाकड्या असतात: कुठे दोन मात्रा जास्त, कुठे एखादी कमी. वादक 'चुकला' असं समजून त्या सरळ करू नका. चार आवर्तनं ऐका. दर वेळी त्याच जागी जास्तीची मात्रा येत असेल तर ती चालीचीच आहे.

तसंच कोमल निषादाचं. 'ओल्ड जो क्लार्क' ही चाल शुद्ध गांधार आणि कोमल निषाद घेऊन चालते; आपल्याकडच्या एखाद्याला खमाजाच्या वळणाची आठवण होईल. नवशिके तिचा निषाद शुद्ध करून टाकतात आणि चालीचा रंगच जातो.

शेवटी टॅब. टॅबएडिट किंवा म्यूझस्कोअर वापरा. उजव्या हाताची शैली मूळचीच ठेवा. व्हर्जिनियातल्या नॉर्टनचे डॉक बॉग्ज (१८९८–१९७१) ज्या शैलीने ओळखले जातात ती बोटांनी तारा वर उचलून वाजवण्याची आहे. तीच चाल क्लॉहॅमरमध्ये लिहून खाली त्यांचं नाव घालणं चूक. 'यांच्यावरून, क्लॉहॅमरमध्ये बसवलेली' असं लिहिलंत तर हरकत नाही.

तपासणी: टॅबवरून वाजवून मूळ रेकॉर्डिंगबरोबर पूर्ण वेगात जुळवून बघा. झपकारे जुळत नसतील तर ट्यूनिंग चुकलंय. टॅब दुरुस्त करत बसण्याआधी तारा बदलून बघा.

## टप्पा ९: पुढे देणं

संग्रहालयाला. टेप थेट पोस्टाने पाठवू नका. आधी ईमेल करा, तुमच्याकडे काय आहे, नोंदपत्र कसं आहे, परवानगी कुठपर्यंत आहे ते सांगा. दानपत्रात काय लिहिलंय ते नीट वाचा; कुटुंबाने घातलेली बंधनं त्यात उतरली पाहिजेत.

इंटरनेटवर. जिथे मूळ वेव्ह किंवा फ्लॅक फाइल उतरवून घेता येते अशी जागा निवडा. इंटरनेट आर्काइव्ह त्यासाठी बरं. यूट्यूब दाखवायला ठीक, जपायला नाही. वर्णनात सगळं नोंदपत्र घाला, फक्त घरचा पत्ता आणि फोन वगळून. आणि तुम्ही स्वतः वाजवलेली चाल टाकत असाल तर मूळ वादकाच्या रेकॉर्डिंगची लिंक तुमच्या नावाच्या वर द्या.

प्रत्यक्ष बैठकीत. वेस्ट व्हर्जिनियातलं क्लिफटॉप, नॉर्थ कॅरोलायनातलं माउंट एअरी, व्हर्जिनियातलं गॅलॅक्स, जिथे १९३५ पासून फिडलर्स कन्व्हेन्शन भरतं, अशा ठिकाणी तंबूंमधून रात्रभर बैठका चालतात. गोलात बसण्याआधी विचारा. आधीच एक बँजो असेल तर मागे थांबून ऐका. रेकॉर्डर मधे ठेवायचा तर सगळ्यांना विचारून. एका सुरातल्या चाली ओळीने वाजत राहतात, कारण बँजोवाल्याला दर वेळी तारा बदलाव्या लागतात. तुम्ही मधेच दुसऱ्या सुरातली चाल सुचवू नका. चाल संपवताना पुढारी बहुधा पाय उचलून खूण करतो, तिकडे लक्ष असू द्या.

दूरवरून शिकवताना. झूमवर संगीतासाठीचा 'ओरिजिनल साउंड' सुरू केल्याशिवाय बँजो वाजवू नका, नाहीतर पाचवी तार गिळली जाते. दोघांनी एकदम वाजवण्याचा प्रयत्न सोडा, आवाज उशिरा पोचतो. एक ओळ तुम्ही, तीच ओळ शिकणारा. टॅब धड्याच्या शेवटी द्या, आधी नाही. कानाने घेतलेली चाल हातात वेगळी बसते, आणि ज्यांच्याकडून ती आली त्यांनीही बहुधा तशीच घेतली होती.

चाल बाहेर गेली की दुरुस्त्या येऊ लागतील. वादकाची नात लिहील की आजोबा ती चाल वडिलांकडून नाही, आईकडून शिकले. दुसरा कोणी जुनं नाव कळवील. अशी माहिती आली की नोंदपत्रात तारीख आणि सांगणाऱ्याचं नातं घालून नवी ओळ जोडा, जुनी खोडू नका, आणि बदललेलं नोंदपत्र संग्रहालयालाही पाठवा.